डोंगरउतारावरचे यजमान

फ्रेंचांनी युन्नानच्या व्यापारावर दृष्टी ठेवून विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात तांबड्या नदीच्या काठाने जो लोहमार्ग घातला, त्यावरून हानोईहून रात्री निघालेला प्रवासी पहाटे लाओ काय या शहरी उतरतो, तेव्हा चीनची सरहद्द नदीपलीकडे हाकेच्या अंतरावर असते. तेथून नागमोडी घाटाने सुमारे 35 किलोमीटर चढून गेले की 1500 मीटरांच्या आसपास उंचीवर वसलेले सापा हे गाव लागते. एका बाजूस होआंग लिएन सोनची रांग उभी असते आणि तीत फान्सिपान हे 3140 मीटरांहून उंच शिखर, ज्याच्या बरोबरीचे दुसरे शिखर व्हिएतनाम, लाओस व कंबोडिया या तिन्ही देशांत नाही. आणि खाली, धुके विरळ झाले तर, मुओंग होआ ओढ्याचे दीर्घ खोरे दिसते, ज्याच्या दोन्ही अंगांना भाताची खाचरे ओढ्यापासून जंगलाच्या कडेपर्यंत एकावर एक रचलेली आहेत. या खोऱ्यातून तेथल्याच एखाद्या स्त्रीला वाट दाखवण्यासाठी बरोबर घेऊन दोन-तीन दिवस पायी हिंडावे आणि रात्री गावातल्या एखाद्या कुटुंबाच्या घरी उतरावे, असा प्रवासाचा जो प्रकार गेल्या तीन दशकांत तेथे रूढ झाला आहे, त्याचा परिचय मराठी वाचकांना करून द्यावा, हा या लेखाचा हेतू आहे.

एक गोष्ट मात्र आरंभीच सांगितली पाहिजे. प्रवासी कंपन्यांच्या जाहिरातींतून या डोंगराचे जे वर्णन येते, त्यात काळाचा स्पर्श न झालेल्या, जगापासून दूर राहिलेल्या भोळ्या लोकांच्या दर्शनाचे आश्वासन असते. ते वर्णन खरे नाही, आणि ज्यांच्याविषयी ते केले जाते त्यांच्यावर ते अन्याय करणारे आहे. चिनी साम्राज्य, फ्रेंच वसाहत, युद्धे, सहकारी शेती, अफूबंदी आणि आता पर्यटन अशा एकामागून एक आलेल्या सत्तांशी व बाजारांशी ज्यांनी स्वतःच्या बुद्धीने व्यवहार केला, पोटासाठी करावयाची कामे गरजेप्रमाणे धरली आणि सोडली, आणि हे सारे करताना आपली भाषा, आपले पितर आणि आपले वस्त्र टाकले नाही, असे हे शेतकरी आहेत. पाहुणा ठेवून घेणे हे त्यांनी आपल्या संसाराला जोडलेले सर्वांत नवे काम होय. ते काम म्हणून ओळखता आले, तरच त्या उंबरठ्यावर पाऊल ठेवणाऱ्याला घरातले काही दिसेल, अशी माझी समजूत आहे.

व्हिएतनाम सरकारच्या दप्तरी 54 लोकसमूहांची नोंद आहे. त्यांपैकी किन हा मैदानातला, भातशेती करणारा आणि राज्यकर्ता समाज लोकसंख्येच्या सुमारे 85 टक्के भरतो, आणि उरलेल्या 53 समूहांतील बरेचसे देशाच्या डोंगराळ सीमाप्रदेशांत राहतात. सापाच्या परिसरात हमोंग लोक बहुसंख्य आहेत. त्यांच्या खालोखाल झाओ, आणि मग ताय व झाय. कोण किती उंचीवर राहतो यात इतिहास दडलेला आहे. ताय व झाय आधी आले, म्हणून ओढ्याकाठची सपाट, पाणथळ जमीन त्यांच्या वाट्याला आली. झाओंनी मधले उतार धरले. आणि चीनच्या ग्वेचौ व युन्नान प्रांतांतून, छिंग सम्राटांच्या सैन्याने बंडे मोडून काढल्यावर, मुख्यतः एकोणिसाव्या शतकात या बाजूला सरकलेल्या हमोंगांना वरचे, थंड आणि तीव्र उतारच तेवढे उरले होते. 2019 च्या जनगणनेत व्हिएतनाममधील हमोंगांची संख्या 13 लाखांच्या वर भरली. भाषेच्या बाबतीत तर या डोंगरांत एक विलक्षण गोष्ट आढळते: राज्यकर्त्यांची व्हिएतनामी भाषा ज्या ऑस्ट्रोआशियाई कुळातली आहे, त्याच कुळात आपल्या मेळघाटातील कोरकूंची भाषा मोडते, परंतु सापाच्या त्याच बाजारात उभ्या असलेल्या हमोंग स्त्रीच्या भाषेचे या कुळाशी कोणतेही सिद्ध झालेले नाते नाही.

हमोंगांसारखे लोक डोंगरात वर का गेले, या प्रश्नावर विद्वानांत मोठा वाद झालेला आहे. हिमालयापासून व्हिएतनामपर्यंत पसरलेल्या डोंगराळ मुलखाला विलेम व्हान शेंडेल या डच इतिहासकाराने 2002 मध्ये झोमिया असे नाव दिले, आणि जेम्स स्कॉट या अमेरिकी राज्यशास्त्रज्ञाने 2009 च्या आपल्या ग्रंथात असे प्रतिपादन केले, की डोंगरातले लोक संस्कृतीच्या वाटेवर मागे पडलेले नव्हेत. मैदानी राज्यांचा महसूल, वेठबिगार आणि सक्तीची सैन्यभरती चुकवण्यासाठी ते समजून-उमजून वर चढले. या उपपत्तीवर आक्षेप पुष्कळ आले, आणि सापाच्या हमोंगांमध्ये दीर्घकाळ संशोधन केलेल्या सेरा टर्नर, क्रिस्टीन बॉनिन व झाँ मिशो यांनी 2015 च्या ग्रंथात दाखवले, की हे लोक बाजारापासून पळत नाहीत. बाजारात किती शिरायचे आणि कोठे थांबायचे, हे ते स्वतः ठरवतात. मला हे दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते, कारण सापाचा अलीकडचा इतिहास त्याला पदोपदी साक्ष देतो.

फ्रेंच अंमलात इंडोचीनमधील अफूचा मक्ता सरकारकडे होता, आणि वरच्या उतारांवर खसखशीचे पीक काढणारे हमोंग शेतकरी त्या मक्त्याचा एक पुरवठादार बनले. त्याच काळात, हानोईच्या दमट उन्हाळ्याने आजारी पडणाऱ्या फ्रेंच सैनिकांसाठी आणि अंमलदारांसाठी सापा येथे आरोग्यधाम उभे राहिले, मागोमाग बंगले आले, आणि दगडी चर्च बांधले गेले, जे अजूनही गावाच्या मध्यभागी आहे. 1954 नंतर फ्रेंच गेले. 1979 च्या फेब्रुवारीत चिनी सैन्य सरहद्द ओलांडून आत आले, तेव्हा लाओ काय उद्ध्वस्त झाले आणि सापाचेही नुकसान झाले. 1986 मध्ये व्हिएतनामने आर्थिक धोरण बदलले, सहकारी शेती मोडीत निघून जमीन पुन्हा कुटुंबांच्या ताब्यात आली. आणि 1990 नंतरच्या पहिल्या काही वर्षांत दोन गोष्टी जवळजवळ एकाच वेळी घडल्या. सरकारने खसखशीच्या लागवडीला मनाई केली, आणि परदेशी प्रवाशांना सापाचा रस्ता मोकळा केला. रोख पैशाचे पीक हातचे गेलेल्या कुटुंबांनी उंच झाडांच्या सावलीत वाढणारा एक मोठा वेलदोडा अधिक प्रमाणात लावला, जो शरद ऋतूत तोडून जंगलातच भट्टीवर वाळवतात आणि दलालांमार्फत चीनमध्ये पाठवतात. आणि त्यांच्या मुलींनी, भरतकामाचे तुकडे पाटीत घालून, परदेशी माणसांच्या मागे चालायला सुरुवात केली. वाट दाखवणाऱ्या स्त्रियांचा व्यवसाय या दुसऱ्या गोष्टीतून जन्मला.

परंतु त्या स्त्रियांकडे वळण्यापूर्वी खाचरांविषयी लिहिले पाहिजे, कारण चालणाऱ्याच्या डोळ्यांसमोर दिवसभर तीच असतात आणि तेथले सारे जीवन त्यांच्याच वेळापत्रकाने चालते. उतारावर खाचर पाडणे म्हणजे समपातळीची रेषा डोळ्याने आणि पाण्याने धरून माती कापणे, वरची सुपीक माती बाजूला काढून पुन्हा पसरणे, कडेला बांध घालणे, आणि वरच्या खाचरातले पाणी खालच्यात उतरताना बांध फुटणार नाही एवढ्याच रुंदीचे तोंड ठेवणे. पाणी येते ते माथ्यावरच्या जंगलातल्या झऱ्यांतून, कधी पाटाने, कधी चिरलेल्या बांबूच्या पन्हळींतून. म्हणून माथ्याचे जंगल राखणे हा शेतीचाच भाग ठरतो. एप्रिल-मेमध्ये पहिल्या पावसाचे पाणी खाचरांत घेतात, रेड्यांकडून चिखलणी होते, मे-जूनमध्ये रोपांची लावणी, आणि ऑगस्टअखेरीपासून सप्टेंबरपर्यंत कापणी. झोडणी शेतातच, मोठ्या लाकडी पेटीवर पेंढ्या आपटून करतात. मावळातल्या किंवा कोकणातल्या शेतकऱ्याला यातले एकही काम अपरिचित वाटणार नाही. फरक एवढाच, की आपल्याकडे डोंगरउतारावर वर्षाला भाताचे एकच पीक येते ते पावसाळ्यानंतर पाणी पुरत नाही म्हणून, आणि सापाला एकच पीक येते ते हिवाळ्याच्या थंडीमुळे, जी कधी कधी हिमवर्षाव घेऊन येते आणि गोठ्यातली जनावरे दगावतात. हा भात विकण्यासाठी फारसा नसतो, तो घरी खाण्यासाठी असतो. ज्यांचा पुरत नाही ते मक्यावर वर्ष काढतात. प्रवासी मंडळी मे-जूनला खाचरांत आकाश दिसते म्हणून आणि सप्टेंबरला उतार पिवळे होतात म्हणून येतात. नेमके तेच दोन काळ यजमानाच्या घरी कामाची सर्वांत अधिक घाई असते, हे येणाऱ्याने ध्यानात ठेवावे.

नेहमीचा मार्ग सापाहून खाली उतरून मुओंग होआच्या काठाने लाओ चाई या हमोंग गावात आणि तेथून ता वान या झाय गावात जातो. हा पहिल्या दिवसाचा पल्ला. बहुतेक मंडळी ता वानला रात्र काढून परततात. दुसऱ्या दिवशी बांबूच्या बनातून झाओंच्या झांग ता चाई या वस्तीकडे आणि पुढे, पायात बळ असेल तर, बान होपर्यंत जाता येते, जेथे हवा अधिक उबदार आहे आणि ताय लोकांची खांबांवर उभारलेली घरे आहेत. वाटेत खोऱ्यातल्या शेतांमध्ये कोरीव आकृत्या असलेल्या शिळा विखुरलेल्या आहेत. व्हिक्टर गोलुबेव्ह या संशोधकाने 1925 मध्ये त्यांची पहिली शास्त्रीय नोंद केली. माणसांच्या, घरांच्या आणि, पुष्कळांच्या मते, खाचरांच्याच रेषा त्यांवर आहेत, पण त्या कोणी व केव्हा कोरल्या याचा निर्णय झालेला नाही. गाडीरस्त्याने गेले तर चालणे सोपे होते आणि पाहण्यासारखे काही राहत नाही. वरच्या बाजूची, बांधांवरून जाणारी वाट धरावी. पाऊस पडून गेला की तांबूस चिकणमातीत पाय ठरत नाही, आणि शहरी माणूस बांधावरून घसरू लागला की रबरी बूट घातलेली, पाठीवर पाटी असलेली वाटेवरची स्त्री त्याचा हात धरून त्याला खाली नेते.

या स्त्रियांपैकी अनेकींनी इंग्रजी भाषा शाळेत शिकलेली नाही. लहानपणी रस्त्यावर भरतकाम विकताना, गिऱ्हाइकाच्या तोंडचे शब्द कानाने टिपून त्यांनी ती आत्मसात केली. त्यामुळे एखादी स्त्री अस्खलित बोलते, दोन-तीन भाषांत हिशेब करते, आणि तरीही स्वतःचे नाव लिहिण्यापलीकडे तिला अक्षरओळख नसते. कायद्याप्रमाणे मार्गदर्शकाला सरकारी परवाना लागतो, आणि परवान्याची वाट शिक्षणाच्या दाखल्यांतून जाते, म्हणून पुष्कळ वर्षे असे घडत आले, की अधिकृत मार्गदर्शक शहरातला किन तरुण असे आणि त्याला वाट दाखवणारी, झाडांची नावे सांगणारी व घरी जेवू घालणारी स्त्री त्याच्या हाताखालची ठरे. हे चित्र पालटण्याचा प्रयत्न तेथल्याच लोकांनी केला. तान थी शू या हमोंग स्त्रीने, जी स्वतः लहानपणी रस्त्यावर वस्तू विकत असे, सापा ओ चाऊ नावाची संस्था उभी केली, जी प्रवाशांना डोंगरात नेते आणि त्या उत्पन्नावर डोंगरातल्या मुलांच्या शिक्षणाची व निवासाची सोय करते. स्त्रियांनीच चालवलेली इतरही मंडळे आता तेथे आहेत. माझ्या मते या साऱ्या पर्यटनात अभिमानाने सांगावी अशी गोष्ट हीच आहे.

चालता चालता त्या स्त्रीच्या हातांकडे लक्ष द्यावे. बोलणे चालू असते, चढ चालू असतो, आणि बोटे तागासारख्या लांब तंतूंची टोके एकमेकांत वळून जोडत असतात. हा तंतू भांगेच्या झाडाच्या सालीचा. रोपे दाट पेरतात म्हणजे फांद्या न फुटता दांडे सरळ वर जातात. ते कापून, वाळवून, साल सोलून, उखळात कुटून मऊ करतात, आणि मग ही जोडणी महिनोन्महिने, बाजाराच्या वाटेवर, गुरांमागे, विस्तवाजवळ, चालूच राहते. माणूस मेला की त्याच्या अंगावर भांगेचे वस्त्र असलेच पाहिजे, एरवी परलोकातले पूर्वज त्याला ओळखणार नाहीत, अशी हमोंगांची श्रद्धा आहे. बाजारात स्वस्त सुती कापड आले तरी हा उद्योग टिकला, याचे एक कारण ही श्रद्धा होय. विणलेल्या कापडावर मधमाशांच्या मेणाने बारीक नक्षी रेखाटतात आणि ते निळीच्या रांजणात पुन्हा पुन्हा, कित्येक दिवस बुडवतात, जोवर निळा रंग काळ्याच्या जवळ जात नाही. या काळसर पोषाखावरूनच सापाच्या हमोंगांना काळे हमोंग म्हणतात. मग मेण लावून, लाकडी ओंडक्यावर कापड पसरून त्यावर दगड घोळवतात, तेव्हा त्याला धातूसारखी चकाकी येते. ही नीळ ज्या झुडपाच्या पानांपासून काढतात ते आपल्या सह्याद्रीतल्या कारवीच्याच प्रजातीतले आहे. पाने पाण्यात कुजवून, त्यात चुना घालून, ते पाणी घुसळले म्हणजे तळाशी निळा गाळ बसतो. रंगकामाच्या दिवसांत घरातल्या स्त्रियांचे हात मनगटापर्यंत निळे असतात आणि तो रंग लवकर जात नाही.

आता घराविषयी. हमोंगांचे घर जमिनीवरच असते: फळ्यांच्या भिंती, चोपलेल्या मातीची भुई, स्वयंपाकाची मोठी चूल आणि माणसांनी भोवती बसण्याचा वेगळा विस्तव. मुख्य दारासमोरच्या भिंतीवर पितरांचे स्थान असते, कागद आणि कोंबडीची पिसे चिकटवलेले. त्याच्यासमोर पाय करून बसू नये, तेथे ओले कपडे टांगू नयेत, आणि घराच्या मधल्या खांबाला टेकण्यापूर्वी विचारावे. दारावर हिरवी फांदी बांधलेली दिसली तर त्या घरी परक्याने शिरायचे नाही. घरात बाळंतीण असेल किंवा नुकताच काही विधी झाला असेल. माळ्यावर मका आणि भात साठवतात, आणि खालच्या धुराने त्याला कीड लागत नाही. पाहुण्यांचे अंथरूण बहुधा याच माळ्याच्या एका भागात, गादी, जाड रजई आणि मच्छरदाणी अशा बेताचे असते. ता वानमधील झाय कुटुंबांची घरे प्रशस्त आहेत आणि त्यांनी हा व्यवसाय लवकर उचलला, म्हणून तेथे स्नानगृहे, गरम पाणी आणि वेगळ्या खोल्याही मिळतात. ता फिन या गावी झाओ स्त्रिया, ज्यांच्या डोक्यावरच्या लाल वस्त्रावरून त्या दुरूनही ओळखू येतात, जंगलातल्या नानाविध वनस्पती उकळून लाकडी पिंपात स्नान घालतात. हे स्नान मुळात बाळंतिणीसाठी होते. दिवसभर चाललेल्या माणसाच्या पायांनाही त्याने आराम पडतो.

जेवण सर्वांनी एकत्र बसून करायचे असते. भात, मोहरीच्या जातीची पालेभाजी, बांबूचे कोंब, सोयाबीनचे पनीर, डुकराचे किंवा कोंबडीचे मांस असे पदार्थ मध्ये मांडतात. तळलेल्या गुंडाळ्याही येतात, पण त्या मैदानातल्या, पाहुण्यांना आवडतात म्हणून केलेल्या. हमोंगांचे स्वतःचे जुने अन्न म्हणजे जात्यावर दळलेल्या मक्याचे पीठ पाण्याचा हबका मारून दोनदा वाफवलेले, जे पाहुण्याला आपण होऊन कोणी वाढत नाही. मागितले तर मात्र घरातल्या लोकांना आनंद होतो. आपल्याकडील शाकाहारी मंडळींनी हे आधीच सांगून ठेवावे, कारण भाजी डुकराच्या चरबीत परतण्याची पद्धत तेथे आहे आणि त्यात मांस आहे असे कोणी मानत नाही. मक्याची किंवा भाताची घरगुती दारू लहान पेल्यांतून फिरते. ती नाकारता येते. पेला ओठाला लावून खाली ठेवला तरी यजमानाचा मान राहतो.

या चित्राला दुसरी बाजू आहे आणि ती सांगितल्याशिवाय परिचय पुरा होणार नाही. 2014 च्या सप्टेंबरात हानोई ते लाओ काय हा द्रुतगती मार्ग खुला झाला आणि रात्रभराचा प्रवास काही तासांवर आला. 2016 च्या फेब्रुवारीत फान्सिपानवर 6292 मीटर लांबीचा रज्जुमार्ग सुरू झाला, आणि ज्या शिखरासाठी पूर्वी दोन दिवस चढावे लागे तेथे आता काही मिनिटांत हजारो माणसे पोहोचतात. सापा हे गाव उंच हॉटेलांनी भरून गेले, आणि त्या हॉटेलांचे मालक बहुतांशी बाहेरचे आहेत. खोऱ्यातही घरगुती निवासाची पाटी लावलेली कित्येक घरे बाहेरच्या माणसाने भाडेपट्ट्याने घेतलेली असतात, आणि ज्या कुटुंबाची जमीन, त्यातलीच मुलगी तेथे पगारावर भांडी घासते. मुओंग होआवर जलविद्युत प्रकल्प आले आणि चालण्याच्या जुन्या वाटांचे काही तुकडे गाडीरस्त्यांनी गिळले. लहान मुले पाठीवर भावंड बांधून वस्तू विकत फिरतात. त्यांच्याकडून दयेने घेतलेली प्रत्येक वस्तू त्यांचा शाळेबाहेरचा दिवस वाढवते. घरातल्या मुलींच्या आयुष्यात काय चालते हे ज्यांना समजून घ्यायचे असेल त्यांनी हा ले झिएम या दिग्दर्शिकेचा 2021 मधील 'चिल्ड्रन ऑफ द मिस्ट' हा अनुबोधपट पाहावा. सापाजवळच्या एका हमोंग मुलीला लग्नासाठी उचलून नेण्याच्या प्रथेला कसे तोंड द्यावे लागते, आणि शाळा, आई व परंपरा यांच्या ओढाताणीत ती स्वतःचे म्हणणे कसे मांडते, हे त्यात विलक्षण संयमाने दाखवले आहे. ऑस्करच्या अंतिम नामांकनांपूर्वीच्या निवडक यादीत आलेला तो व्हिएतनामचा पहिला अनुबोधपट.

आणि डोंगर स्वतःही स्थिर नाही. 2024 च्या सप्टेंबरात यागी वादळाच्या पावसाने लाओ काय प्रांतात दरडी कोसळल्या. सापाच्या खोऱ्यातही माणसे दगावली, आणि त्याच प्रांतातील लांग नू हे ताय लोकांचे गाव 10 सप्टेंबरच्या सकाळी चिखलाच्या लोंढ्याखाली गेले, त्यात पन्नासांहून अधिक जीव गेले. हे वाचताना मराठी माणसाला 19 जुलै 2023 ची रात्र आठवल्यावाचून राहणार नाही. इर्शाळगडाच्या वाटेवरची इर्शाळवाडी, जेथे ठाकर कुटुंबांच्या अंगणात आपल्या किती गिर्यारोहकांनी पाणी मागितले, विसावा घेतला, जेवण केले, ती त्या रात्री दरडीखाली गाडली गेली. ज्यांच्या घरी आपण डोंगर पाहायला म्हणून उतरतो, ते त्या डोंगराची जोखीम बारा महिने उचलतात. त्यांच्या घराला आणि वाटेला सुरक्षित ठेवण्याचा खर्च पर्यटनाच्या उत्पन्नातून झाला पाहिजे, हे व्हिएतनामइतकेच महाराष्ट्रालाही लागू आहे.

म्हणून सापाला जाणाऱ्या वाचकांना माझी विनंती अशी. हानोईतल्या कंपनीकडून सारा प्रवास बांधून घेऊ नका. लाओ चाई, ता वान किंवा ता फिनची स्वतःची रहिवासी असलेली मार्गदर्शिका थेट ठरवा, आणि रात्र कोणाच्या घरी काढायची, ते घर कोणाच्या मालकीचे आहे, हे तिला स्पष्ट विचारा. एका रात्रीत परतू नका; दुसऱ्या रात्रीपासून यजमान आपली कामे तुमच्यासमोर मोकळेपणाने करू लागतात. जून किंवा सप्टेंबरात गेलात आणि घरात लावणीची वा कापणीची गडबड असेल, तर स्वयंपाकाला उशीर होईल हे गृहीत धरा. छायाचित्र घेण्याआधी विचारा. भरतकाम घ्यायचे तर ते जिने केले त्या स्त्रीकडून, तिच्या घरी बसून घ्या, आणि मुलांकडून काही घेऊ नका. तिने सांगितलेल्या दरात घासाघीस करू नका. आणि निघताना ठरलेली रक्कम मध्यस्थाजवळ न देता घरातल्या स्त्रीच्या हातात द्या.